किस्सा आणि तारीख : माँ ब्लाँवर पहिले पाऊल कोणाचे?

फ्रान्समध्ये, इटली आणि स्वित्झर्लंडच्या सीमेजवळ शामोनी नावाचे गाव आहे. गावाच्या चौकात ब्राँझचा एक जोडपुतळा उभा आहे. एक गावकरी हात उंचावून वर कुठेतरी बोट दाखवतो आहे आणि शेजारचा शहरी पोशाखातला गृहस्थ तिकडे पाहतो आहे. ते बोट आहे माँ ब्लाँ या शिखराकडे. माँ ब्लाँ म्हणजे ‘पांढरा डोंगर’, आल्प्स पर्वतातले सर्वांत उंच शिखर. गावकऱ्याचे नाव जाक बाल्मा आणि गृहस्थाचे नाव ओरेस-बेनेदिक्त द सोस्यूर. पुतळा १८८७ साली बसवला.

पाहणाऱ्याला साहजिकच वाटते, की या शिखरावर पहिल्यांदा चढले ते हेच दोघे. तसे नाही. ८ ऑगस्ट १७८६ रोजी माँ ब्लाँवर पहिल्यांदा माणसाचे पाऊल पडले तेव्हा तिथे दोन माणसे होती, हे खरे. त्यातला एक बाल्मा होता, हेही खरे. पण दुसरा माणूस होता गावचा डॉक्टर, मिशेल-गाब्रिएल पाकार. सोस्यूर वर गेला तो वर्षभरानंतर. डॉक्टर पाकारचा पुतळा शामोनीत उभा राहायला मात्र १९८६ साल उजाडावे लागले. म्हणजे चढाईला दोनशे वर्षे आणि त्या जोडपुतळ्याला नव्व्याण्णव वर्षे झाल्यानंतर.

एका माणसाचे श्रेय इतका काळ हरवले कसे, आणि कोणत्या कागदांनी ते परत मिळवून दिले, ते या लेखात सांगायचे आहे. वरवर पाहता ही डोंगराची गोष्ट आहे. खरे तर ती साक्षीची गोष्ट आहे.

शापित डोंगर

माँ ब्लाँची उंची सुमारे ४,८०७ मीटर. ‘सुमारे’ म्हणायचे कारण असे, की शिखराच्या टोकावर खडक नाही, बर्फाची जाड टोपी आहे. वारा आणि हिमवृष्टी यांच्याप्रमाणे ती कमी-जास्त होते आणि दर मोजणीला उंचीत थोडा फरक पडतो.

आज इथे लाखो पर्यटक येतात. तीन-चारशे वर्षांपूर्वी मात्र स्थानिक लोक या बर्फाळ डोंगरांना ‘शापित’ म्हणत. त्याला कारणही होते. सतराव्या शतकात युरोपात थंडी वाढली होती आणि डोंगरावरून उतरणाऱ्या हिमनद्या दरवर्षी पुढे सरकत शेते आणि घरे गिळत होत्या. १६४४ साली जिनिव्हाच्या बिशपचे सहायक चार्ल्स द साल यांना गावकऱ्यांनी बोलावून घेतले. ते मिरवणुकीने हिमनदीच्या तोंडाशी गेले आणि बर्फाने मागे हटावे म्हणून त्यांनी प्रार्थना केली. ज्या डोंगराची अशी भीती, त्याच्या माथ्यावर जायचे कोणाच्या मनातही येत नव्हते. स्फटिक शोधणारे आणि रानबकऱ्यांची शिकार करणारे काय ते वरच्या कड्यांपर्यंत जात, तेही पोटासाठी.

१७४१ साली विल्यम विंडहॅम आणि रिचर्ड पोकॉक हे दोन इंग्रज इथे आले. पोकॉक नुकताच मिसर आणि शामचा प्रवास करून परतला होता, आणि तो शामोनीत अरबी पोशाखात फिरला असे सांगतात. या दोघांच्या प्रवासाची हकिकत छापून आली आणि युरोपातल्या शिकलेल्या वर्गाला या खोऱ्याचे नाव कळले. पाहुणे येऊ लागले. गावकऱ्यांना वाट दाखवण्याची मजुरी मिळू लागली. पण हे सारे खालच्या हिमनदीपर्यंतच. शिखर तसेच राहिले.

बक्षीस

१७६० साली सोस्यूर पहिल्यांदा शामोनीत आला तेव्हा तो वीस वर्षांचा होता. जिनिव्हातल्या श्रीमंत घरातला हा मुलगा पुढे मोठा निसर्गशास्त्रज्ञ झाला. उंचावर हवेचा दाब किती, पाणी किती अंशांवर उकळते, आकाश किती निळे दिसते, हे त्याचे प्रश्न होते आणि त्यांची उत्तरे शिखरावर होती. त्याने जाहीर केले, की जो कोणी माँ ब्लाँच्या माथ्यावर जाण्याची वाट शोधील त्याला मी बक्षीस देईन. शिवाय जो प्रयत्न करून हात हलवत परत येईल त्याची बुडालेली रोजीही भरून देईन. ही दुसरी अट मला पहिलीपेक्षा महत्त्वाची वाटते. हातावर पोट असणाऱ्याला दोन दिवसांचा खाडा परवडत नाही, हे त्या श्रीमंत तरुणाला कळत होते.

तरीही पंचवीस वर्षे कोणी वर पोहोचले नाही. १७७५ साली चार गावकरी बरेच उंच गेले. १७८३, १७८४, १७८५ या वर्षांतही प्रयत्न झाले, त्यांपैकी एकात खुद्द सोस्यूर होता. अडचण नुसती चढाची नव्हती. बर्फावर रात्र काढली तर माणूस गोठून मरतो, असा समज होता. त्यामुळे जे काही करायचे ते एका दिवसात करून परत यायचे, आणि एका दिवसात हा डोंगर होत नव्हता.

याच प्रयत्नांत मार्क-तेओदोर बूरी नावाचा एक माणूस होता. जिनिव्हाच्या मोठ्या चर्चमध्ये तो गायनप्रमुख होता. चित्रे काढी, आल्प्सवर पुस्तके लिही, आणि युरोपभर त्याला वाचक होते. माँ ब्लाँ सर करावा ही त्याची मनापासूनची इच्छा होती. त्याने अनेकदा प्रयत्न केले आणि दरवेळी अपयश आले. हा बूरी लक्षात ठेवा.

दोन माणसे आणि एक दुर्बीण

मिशेल-गाब्रिएल पाकार १७५७ सालचा. बाप शामोनीत नोटरी होता. मुलगा तुरिनला जाऊन वैद्यक शिकला आणि गावी परतून डॉक्टरकी करू लागला. त्याला डोंगराचा नाद होता आणि विज्ञानाचाही. तो कित्येक महिने दुर्बिणीतून माँ ब्लाँची बाजू न्याहाळत राहिला. बर्फात भेगा कुठे आहेत, कडे कुठे तुटतात, हिमलोट कुठे कोसळतात, ते सारे त्याने पाहून ठेवले. त्याने स्वतः काही प्रयत्नही केले. १७८३ मध्ये तो बूरीबरोबरच गेला होता.

जाक बाल्मा त्याच्याहून पाच वर्षांनी लहान. शेतकरी घरातला, स्फटिक शोधून विकणारा, अंगाने काटक. जून १७८६ मध्ये तो इतर काही जणांच्या मागोमाग डोंगरावर गेला. ते परत फिरले, पण बाल्माला वरच अंधार पडला आणि उघड्या बर्फावर एकट्याने रात्र काढावी लागली. सकाळी तो जिवंत खाली आला. बर्फावर रात्र काढूनही माणूस जगतो, हे त्याने अंगावर घेऊन सिद्ध केले. डॉक्टरकडे वाट होती, बाल्माकडे हा अनुभव. दोघांनी मिळून जायचे ठरवले.

७ ऑगस्टला दुपारी ते निघाले आणि दोन हिमनद्यांच्या मधल्या खडकाळ धारेवर मुक्काम केला. पहाटे चारच्या सुमारास पुढची चढाई सुरू झाली. दोर नाही, बर्फाची कुऱ्हाड नाही, बुटाला लावायचे काटे नाहीत. हातात लांब काठ्या, आणि डॉक्टरच्या सामानात हवेचा दाब मोजायचा नाजूक बॅरोमीटर. भेगांवरच्या बर्फाच्या पुलांवरून जाताना पूल खचला तर काठी आडवी टाकायची आणि तिला लोंबकळायचे, एवढाच काय तो बचाव. दोघे दिवसभर चालत राहिले. संध्याकाळी ६ वाजून २३ मिनिटांनी ते माथ्यावर होते.

ही मिनिटांची वेळ आपल्याला ठाऊक आहे, कारण खाली शामोनीत एक जर्मन पाहुणा उतरला होता. बॅरन आदोल्फ ट्राउगॉट फॉन गेर्सडॉर्फ हे त्याचे नाव. त्याच्याजवळ चांगली दुर्बीण होती, घड्याळ होते, आणि पाहिले ते लगेच टिपून ठेवायची सवय होती. वर जाणारे दोन काळे ठिपके त्याला दिसले. ते कुठून कुठे गेले याचे त्याने चित्र काढले आणि वेळा मांडल्या. ६ वाजून ५७ मिनिटांनी ठिपके खाली उतरू लागल्याचीही नोंद त्याने केली.

त्या चौतीस मिनिटांत डॉक्टर पाकारने बॅरोमीटर आणि तापमापक वाचले. मग दोघे चांदण्यात उतरले आणि मध्यरात्रीच्या सुमारास मुक्कामाच्या जागी पोहोचले. डॉक्टरचे हात थंडीने बधिर झाले होते. बर्फाच्या चकाकीने डोळे इतके सुजले होते, की दुसऱ्या दिवशी त्याला दिसत नव्हते. बाल्मा घरी पोहोचला तेव्हा त्याची तान्ही मुलगी गेलेली होती. तो वर होता त्याच दिवशी तिने प्राण सोडला होता. विजयाचा दिवस दोघांनाही सुखाचा गेला नाही.

श्रेय कसे गेले

बाल्मा थोड्याच दिवसांत जिनिव्हाला गेला आणि सोस्यूरकडून बक्षीस घेऊन आला. त्यात वावगे काही नाही. बक्षीस गरिबासाठीच होते आणि डॉक्टरने त्यावर हक्क सांगितला नाही. त्या काळी शामोनीवर सार्डिनियाच्या राजाची सत्ता होती. त्याने बाल्माला आपल्या नावापुढे ‘माँ ब्लाँ’ जोडायची मुभा दिली.

बिघडले ते पुढे. सप्टेंबर १७८६ मध्ये बूरीने एक पत्र छापून प्रसिद्ध केले. त्यात पहिल्या चढाईची हकिकत होती. बूरी स्वतः त्या दिवशी डोंगरावर नव्हता. त्याच्या हकिकतीत बाल्मा हा वाट शोधणारा वीर होता आणि डॉक्टर म्हणजे मागे रेंगाळणारे, ओढून न्यावे लागलेले ओझे. त्याच्या लेखणीला वाचक होते. पत्र युरोपभर गेले.

पाकारने उत्तर द्यायचा प्रयत्न केला. आपल्या चढाईवर पुस्तक लिहिणार म्हणून त्याने जाहिरातही काढली. पण पुस्तक निघाले नाही. १७८७ मध्ये लोझानच्या वर्तमानपत्रात त्याने बाल्माच्या सहीची निवेदने छापली. डॉक्टरने वाट दाखवली, वाटेत त्याने बरोबरीने कष्ट केले आणि तो स्वतःच्या पायांनी माथ्यावर आला, अशा अर्थाचा त्यातला मजकूर होता. यावर बाल्माने पुढे म्हटले, की मी कोऱ्या कागदावर सही केली होती.

दरम्यान ३ ऑगस्ट १७८७ रोजी सोस्यूर स्वतः माथ्यावर पोहोचला. त्याच्याबरोबर अठरा वाटाडे आणि एक नोकर होता. बाल्मा अर्थातच होता. सोस्यूर तिथे काही तास थांबला. पाणी सुमारे ८६ अंशांवर उकळते हे त्याने पाहिले, आकाशाचा निळेपणा आपल्या रंगपट्टीशी ताडून पाहिला, आणि बॅरोमीटरवरून उंची काढली. त्याच्या या चढाईची कीर्ती एवढी झाली, की आदल्या वर्षीच्या डॉक्टरचे नाव आणखी मागे पडले. जगाच्या लेखी जोडी ठरली ती सोस्यूर आणि बाल्मा यांची.

ड्युमाची लेखणी

डॉक्टर पाकार १८२७ मध्ये वारला. पाच वर्षांनी, १८३२ मध्ये, ‘थ्री मस्केटिअर्स’चा लेखक अलेक्झांडर ड्युमा शामोनीत आला. बाल्मा तेव्हा सत्तर वर्षांचा होता. ड्युमाने त्याला जेवायला बोलावले, पेला भरत ठेवला आणि गोष्ट ऐकली. मग ती आपल्या प्रवासवर्णनात घातली.

या गोष्टीत बाल्मा एकटाच माथ्यावर पोहोचतो, टोपी हलवून गावकऱ्यांना खूण करतो, आणि मग खाली येऊन, बर्फात बसून राहिलेल्या डॉक्टरला ओढत वर नेतो. चढाईला शेहेचाळीस वर्षे झाली होती आणि दुसरा साक्षीदार कबरीत होता. ड्युमासारखा किस्सागो लिहिणारा. मग गोष्ट रंगली नसती तरच नवल. लोकांनी ती वाचली, मुलांना सांगितली, तिच्यावरून चित्रे काढली, आणि १८८७ मध्ये तिचा पुतळा केला. बाल्मा स्वतः हे पाहायला नव्हता. १८३४ मध्ये सोन्याच्या शोधात तो एका दुर्गम कड्यावर गेला आणि तिथून पडून मेला.

इथे थोडे थांबून एक गोष्ट बोलली पाहिजे. इतिहासात गरिबांचे श्रेय श्रीमंतांनी लाटल्याची उदाहरणे आपण नेहमी ऐकतो, आणि ती खोटी नाहीत. हमालाने ओझे वाहावे आणि साहेबाचे नाव व्हावे, हे डोंगरावर तर कायम घडत आले. त्यामुळे कष्टकरी वीर आणि भित्रा डॉक्टर ही गोष्ट आपल्याला लगेच पटते. आपले मन तिच्या बाजूला असते. पण मन बाजूला असणे हा पुरावा नव्हे. इथे हक्क गेला तो डॉक्टरचा. गोष्ट रचली तीही कष्टकऱ्याने नव्हे, त्या डोंगरावर स्वतः हरलेल्या एका लेखकाने. बाल्माने ती म्हातारपणी आणखी सजवली, एवढेच. बाल्माची जूनमधली ती एकाकी रात्र, त्याचे धाडस, त्याचे कष्ट हे सगळे खरे होते. त्याला मोठे करण्यासाठी दुसऱ्याला लहान करण्याची गरजच नव्हती.

याच डोंगरावर साक्ष कशी द्यावी याचा एक सुंदर नमुनाही आहे. १८०८ साली मारी पारादी ही शामोनीतली गरीब, कामकरी बाई माँ ब्लाँवर गेली. तिथे पोहोचलेली ती पहिली स्त्री. तिला नेणाऱ्यांत बाल्माही होता. वर गेलीस तर नाव होईल आणि पाहुण्यांकडून चार पैसे मिळतील, म्हणून ती गेली. नंतर ती सगळ्यांना सरळ सांगे, की मला ओढत, ढकलत, उचलत वर नेले. तीस वर्षांनी, १८३८ मध्ये, आंरिएत दांजव्हील ही चव्वेचाळीस वर्षांची स्त्री पूर्ण तयारीने, स्वतःच्या पायांनी चढली. परतल्यावरच्या मेजवानीला तिने म्हाताऱ्या मारीला आवर्जून बोलावले. एकीने खरे सांगितले आणि दुसरीने पहिलीचा मान राखला. बाल्मा आणि पाकार यांच्या वाट्याला हे आले नाही.

कागद बोलू लागले

मी मुलांना उर्दू आणि मराठी दोन्ही शिकवतो. ‘तारीख’ हा शब्द दोन्ही भाषांत आहे. मराठीत तारीख म्हणजे फक्त दिनांक. उर्दूत तारीख म्हणजे दिनांक आणि इतिहासही. मुलांना आधी हे गमतीचे वाटते. मग मी त्यांना सांगतो, की यात गंमत नाही, शहाणपण आहे. ज्याला तारीख आहे तो इतिहास. ज्याला नाही तो किस्सा. किस्सा वाईट नसतो, पण त्याच्यावर निकाल देता येत नाही.

ड्युमाजवळ किस्सा होता. गेर्सडॉर्फजवळ तारीख होती.

गेर्सडॉर्फची रोजनिशी जर्मनीतल्या गोर्लिट्झ शहरात त्याच्या कागदपत्रांत पडून होती. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस काही गिर्यारोहक-अभ्यासकांना ड्युमाच्या गोष्टीची शंका येऊ लागली. मॅटरहॉर्न शिखर पहिल्यांदा सर करणारा एडवर्ड व्हिंपर त्यांत होता. सोस्यूरचा चरित्रकार डग्लस फ्रेशफील्डही होता. सोस्यूरच्या खाजगी नोंदी तपासल्या गेल्या. गेर्सडॉर्फची टिपणे आणि त्याचे चित्र उजेडात आले. १९१३ मध्ये हाइनरिश द्यूबी या स्विस अभ्यासकाने ‘पाकार विरुद्ध बाल्मा’ या नावाचे पुस्तक काढले आणि दंतकथा कशी वाढत गेली ते एकेक पायरी दाखवून दिले. पुढे १९५७ मध्ये ग्रॅहम ब्राउन आणि गॅव्हिन द बिअर या दोघांनी सगळी कागदपत्रे एकत्र तपासून पहिल्या चढाईवर जाड ग्रंथ लिहिला.

निकाल असा लागला : दोघे चढले. वाट मुख्यतः डॉक्टरने हेरलेली होती. दोघांनी बरोबरीने कष्ट केले. माथ्यावर ते जवळजवळ एकाच वेळी पोहोचले. एकटा बाल्मा आधी वर जातो, टोपी हलवतो आणि परत खाली येऊन डॉक्टरला नेतो, या प्रसंगाला गेर्सडॉर्फच्या घड्याळात जागाच नाही.

या सगळ्यात गेर्सडॉर्फचे वजन एवढे का? तो काही मोठा लेखक नव्हता. पण त्याने स्वतः पाहिले होते, पाहिल्याबरोबर लिहिले होते, आणि कोण पहिला ठरतो यात त्याला काही मिळायचे नव्हते. बूरीने पाहिले नव्हते आणि त्याच्या मनात अपयशाची सल होती. ड्युमाने चांगल्या हेतूने लिहिले असेल, पण शेहेचाळीस वर्षांनी आणि एकाच बाजूचे ऐकून. साक्षीदार नामांकित आहे की नाही, यावर साक्षीचे वजन ठरत नाही.

बर्फ परत देतो ते

माँ ब्लाँची स्वतःचीही एक नोंदवही आहे. ती म्हणजे त्याच्या हिमनद्या. वर पडलेली वस्तू बर्फात गाडली जाते, बर्फ वर्षानुवर्षे खाली सरकत राहतो, आणि कधीतरी ती वस्तू पायथ्याशी बाहेर येते.

ऑगस्ट १८२० मध्ये हामेल नावाचा रशियाच्या झारचा एक शास्त्रज्ञ वर निघाला. ताजा बर्फ पडला होता, परत फिरावे असे वाटाडे म्हणत होते. त्याने ऐकले नाही. हिमलोट कोसळला आणि तीन वाटाडे एका खोल भेगेत गाडले गेले. पुढच्याच वर्षी शामोनीच्या वाटाड्यांनी आपला संघ स्थापन केला. तो आजही आहे. त्या तिघांचे अवशेष १८६१ मध्ये, एकेचाळीस वर्षांनी, बोसों हिमनदीच्या पायथ्याशी बाहेर आले. त्या अपघातातून वाचलेला एक वाटाड्या तेव्हा म्हातारा झाला होता. त्याने आपल्या सोबत्याचा हात ओळखला.

या बर्फात आपल्या देशाची माणसेही आहेत. ३ नोव्हेंबर १९५० रोजी एअर इंडियाचे ‘मलबार प्रिन्सेस’ हे विमान मुंबईहून लंडनला जाताना माँ ब्लाँवर आदळले. अठ्ठेचाळीस माणसे गेली. प्रवाशांत बहुतेक सगळे भारतीय खलाशी होते, इंग्लंडला जहाजावर रुजू व्हायला निघालेले. त्यांना शोधायला गेलेल्या पथकातला शामोनीचा वाटाड्या रने पायो बर्फाच्या भेगेत पडून मेला. घरचा कर्ता पुरुष जहाजावर गेला की मागे काय वाट पाहिली जाते, ते कोकणातल्या घरांना वेगळे सांगायला नको.

२४ जानेवारी १९६६ रोजी एअर इंडियाचेच ‘कांचनजंगा’ हे विमान जवळजवळ त्याच जागी आदळले. हेही मुंबईहून निघालेले. एकशे सतरा जण गेले. त्यांत डॉ. होमी भाभा होते. मुंबईतली टाटा मूलभूत संशोधन संस्था आणि देशाचा अणुकार्यक्रम उभारणारे भाभा व्हिएन्नाला एका बैठकीसाठी निघाले होते.

फ्रेंच चौकशीचा निष्कर्ष असा, की विमानाचे एक दिशादर्शक यंत्र बंद होते. जिनिव्हाच्या नियंत्रकाने माँ ब्लाँपासूनच्या अंतराबद्दल जे सांगितले त्याचा वैमानिकाने वेगळा अर्थ घेतला, आणि डोंगर मागे पडला असे समजून विमान खाली आणले. पण आपल्याकडे भाभांना घातपाताने मारले ही गोष्ट दर काही महिन्यांनी मोबाइलवर फिरत येते. ती अगदी रंगवून सांगितलेली असते, आपल्या अभिमानाला आणि आपल्या दुःखाला भिडणारी असते. तिचा आधार म्हणून सांगितले जाते ते एका मृत माणसाशी झाल्याचे म्हटले जाणारे फोनवरचे संभाषण, त्या माणसाच्या मृत्यूनंतर छापलेले. पाकारची गोष्ट वाचल्यावर हा प्रकार ओळखीचा वाटेल.

बोसों हिमनदी मात्र आपले काम करते आहे. २०१२ मध्ये तिथे भारताच्या परराष्ट्र खात्याचा शिक्का असलेली टपालाची पिशवी सापडली. २०१३ मध्ये एका तरुण गिर्यारोहकाला पाचू आणि नीलम भरलेली पेटी मिळाली. त्याने ती खिशात न घालता पोलिसांकडे दिली. २०२० मध्ये जानेवारी १९६६ ची भारतीय वर्तमानपत्रे निघाली, इंदिरा गांधी पंतप्रधान झाल्याची बातमी असलेली. त्या प्रत्येक कागदावर तारीख होती.

तीन प्रश्न

पाकारला न्याय मिळायला इतका काळ का लागला? खोटे फार हुशार होते म्हणून नव्हे. ते ऐकायला छान होते, आणि ज्यांनी तपासायचे त्यांनी तपासले नाही, म्हणून. कोणाबद्दल ऐकीव गोष्ट चारचौघांत पक्की झाली की त्या माणसाला, त्या घराला, कधी एका अख्ख्या समाजाला तिचे ओझे पिढ्यान्‌पिढ्या वाहावे लागते. ज्यांच्याबद्दल बहुतेक वेळा दुसऱ्यांनीच लिहिले, त्यांना हे सांगायची गरज नाही. पण आपण स्वतः दुसऱ्यांबद्दल ऐकतो आणि पुढे पाठवतो, तेव्हा आपणही बूरीच्या जागी असतो, हे मात्र स्वतःला सांगायची गरज आहे.

म्हणून वर्गात मी मुलांना तीन प्रश्न विचारायला लावतो. सांगणाऱ्याने स्वतः पाहिले होते का? पाहिल्यावर किती काळाने सांगितले? आणि असे सांगण्यात त्याचा काय फायदा आहे? बूरी पहिल्या आणि तिसऱ्या प्रश्नाला अडतो, ड्युमा पहिल्या दोन्ही प्रश्नांना. गेर्सडॉर्फ तिन्ही प्रश्नांतून पार होतो. चौथा प्रश्न स्वतःला विचारायचा असतो आणि तो सर्वांत अवघड आहे : ही गोष्ट खरी असावी असे मला का वाटते आहे?

१९८६ मध्ये बसवलेला डॉक्टर पाकारचा पुतळा एकटाच आहे. तो कोणाकडे बोट दाखवत नाही. नुसता बसून शिखराकडे पाहतो आहे, दुर्बिणीतून वाट शोधायच्या दिवसांत पाहत असेल तसा. शामोनीत आज दोन्ही पुतळे आहेत. जुना कोणी पाडला नाही, आणि ते बरेच झाले. बाल्माचा मान त्याचाच होता. फक्त त्याच्या शेजारची एक जागा चुकीच्या माणसाला गेली होती. ती भरून निघाली ती कोणाच्या भाषणाने नव्हे, तर घड्याळात पाहून ६ वाजून २३ मिनिटे असे लिहून ठेवणाऱ्या एका परक्या माणसाच्या वहीमुळे.